जिन्यातली एक पायरी कमी

आमच्या १४ मिनिटांच्या लघुपटाची गोष्ट एका दमात सांगून होते. चार मजल्यांची इमारत. एके सकाळी जिन्यातली एक पायरी नाहीशी झालेली असते. लिफ्ट नाही, दुसरा जिना नाही, तक्रार कुणाकडे करायची हे कुणालाच ठाऊक नाही. ही पहिली पायरी कुठे गेली ते प्रेक्षकाला शेवटपर्यंत कळत नाही. त्यानंतरच्या सगळ्या मात्र रहिवाशांनीच उपसून घरात नेलेल्या असतात. का, तर उद्या उरल्याच नाहीत तर?

टंचाईत माणसं कशी वागतात यावर काहीतरी करायचं, एवढंच आधी ठरलं होतं. जिना बराच नंतर आला. सुरुवातीच्या खर्ड्यांत पाणी होतं. ते मी आणि माझ्या सहलेखकाने एकमताने काढून टाकलं (आमचं एकमत व्हायची ती बहुधा शेवटची वेळ). पाणी म्हटलं की बघणाऱ्याच्या डोक्यात बातम्या सुरू होतात: चूक कुणाची, कारभार कुणाचा, टँकर कुणाचे. माणसांच्या चेहऱ्यांकडे बघायचं राहून जातं. मग उजेड आला, मग सावली. सावलीचं रेशन! कागदावर झकास वाटलं. पण सावली नसली तर एखाद्याचं नेमकं काय अडतं? काही नाही. ज्याच्यावाचून अडत नाही त्याची चणचणही भासत नाही, उरतात ती नुसती देखणी चित्रं. आम्हाला हवी होती रोजच्या वापरातली, वापरून वापरून दिसेनाशी झालेली वस्तू. जी गेली की आधी शरीराला कळेल आणि मग डोक्याला.

जिना सापडला तो एका खेळातून. फ्रेंच कवी आंद्रे ब्रतॉं यांनी १९२४ साली अतिवास्तववादाचा, म्हणजे स्वप्नाच्या तर्काने चालणाऱ्या कलेचा, जाहीरनामा लिहिला, त्याच सुमारास पॅरिसमधली ती मंडळी कागदाच्या घड्यांचा एक खेळ खेळायची. एकाने काहीतरी लिहायचं, लिहिलेलं झाकलं जाईल अशी घडी घालायची, पुढच्याने न बघता पुढचं लिहायचं. आम्ही तो आमच्यापुरता बदलून घेतला: पहिला वस्तू लिहिणार, दुसरा ती कुणाला हवी आहे ते, तिसरा ती कुठे लपवली आहे ते. बहुतेक कागद टाकाऊ निघाले. एका घडीत मात्र निघालं: ‘पायरी – वरच्या मजल्यावरच्या बाई – गादीखाली’. गादीखाली पायरी ठेवून, पाठीला ती टोचत असतानाही निवांत झोपलेली बाई मला तिथल्या तिथे दिसली. पटकथा तिच्यापासून सुरू झाली.

मग एक नियम ठरला आणि तो शेवटपर्यंत पाळला. विचित्र एकच गोष्ट, बाकी सगळं हिशेबी. मी पाहिलेले पुष्कळसे अतिवास्तव लघुपट इथेच घसरतात. एकदा स्वप्नासारखं करायचं ठरलं की सगळेच विचित्र वागायला लागतात. कुणी शून्यात बघतो, कुणी संथ चालतो, कुणी चेहरा रंगवतो, धूर सोडला जातो, निळा उजेड येतो. स्वप्नात खरं तर याच्या उलट असतं. घर पाण्याने भरलेलं असतं आणि आपण मात्र त्यात बुडी मारून कचेरीची फाइल शोधत असतो, कारण ती आज द्यायची असते. पाणी खुळं असतं, आपण अजिबात नसतो. म्हणून आमच्या इमारतीत कुणीही वेडा नाही. प्रत्येक जण करतो ते त्याच्या जागी शहाणपणाचंच असतं, आणि त्या सगळ्या शहाणपणांची बेरीज करून जिना संपतो.

हे शहाणपण कसं दिसतं ते शोधायला वाचन करावं लागलं. त्यात मिनेसोटा विद्यापीठातला १९४४-४५ चा उपासमारीचा प्रयोग हाती लागला आणि पटकथेचा निम्मा मालमसाला तिथून मिळाला. दुसरं महायुद्ध संपत आलं होतं, युरोपात माणसं उपाशी होती, आणि इतक्या खंगलेल्या शरीरांना पुन्हा खायला कसं घालायचं हे नीट माहीत नव्हतं. अॅन्सेल कीज या शरीरशास्त्रज्ञाने प्रयोग मांडला. विवेकाला पटत नाही म्हणून लढायला नकार दिलेले ३६ तरुण त्यासाठी स्वतःहून पुढे आले. २४ आठवडे ते अर्धपोटी राहिले, दिवसाला सरासरी १,५७० कॅलरींच्या आसपास. वजनं सुमारे चतुर्थांशाने घटली. १९५० साली या सगळ्याचे दोन जाडजूड खंड निघाले.

वजनाचे आकडे मला उपयोगाचे नव्हते. उपयोगाच्या होत्या त्या सवयी. ही मुलं अन्नाचे बारीक बारीक तुकडे करायची, पाणी घालून ते वाढवायची, एका जेवणाला तास-तास लावायची, ताटल्या चाटायची. पूर्वी स्वयंपाकघरात पाऊलही न टाकलेले पाककृतींची पुस्तकं वाचत बसायचे. कुणी चोरून खाऊ नये म्हणून पुढे असा नियम करावा लागला की बाहेर जाताना सोबत एक जोडीदार हवाच.

यातलं जवळजवळ सगळं आम्ही जिन्यावर आणलं. तिसऱ्या मजल्यावरचा माणूस आणलेली पायरी करवतीने कापतो. पाव इंचाच्या चकत्या. ‘पुरवून वापरायला’. चकत्यांवर पाय ठेवता येत नाही हे त्याला कळत नाही असं नाही; पण एक पायरी असण्यापेक्षा चाळीस चकत्या असणं त्याला जास्त सुरक्षित वाटतं. कापताना पडलेला भुसाही तो बरणीत भरतो. दुसऱ्या मजल्यावरची मुलगी मासिकांतून जिन्यांची चित्रं कापून वहीत चिकटवते. गोल जिने, संगमरवरी जिने, जहाजावरचे जिने. रात्री ती वही भाऊ-बहीण मिळून बघतात आणि एकही शब्द बोलत नाहीत. आणि जोडीदाराचा नियम: इमारतीची सभा भरते, ठरतं की जिन्यावर एकट्याने कुणी जायचं नाही, दोघांनी जायचं. त्या रात्रीपासून एकाऐवजी दोन पायऱ्या जायला लागतात. या प्रसंगाला लोक हमखास हसतात.

दुसरा धागा मिळाला मानसशास्त्रज्ञ स्टीफन वर्चेल आणि सहकाऱ्यांच्या १९७५ च्या एका प्रयोगातून. काही जणांना १० बिस्किटं असलेल्या बरणीतलं बिस्किट दिलं, काही जणांना २ असलेल्या बरणीतलं. बिस्किट तेच. दोनवाल्या बरणीतलं लोकांना जास्त हवंसं वाटलं, जास्त किमतीचं वाटलं. पण ते चवीला अधिक चांगलं आहे असं काही त्यांनी म्हटलं नाही! यातलं आमच्या कामाचं पुढेच होतं. बरणी आधीपासून दोनाची असण्यापेक्षा दहाची डोळ्यांदेखत दोनाची झाली तर ओढ वाढत होती. आणि ती चुकून कमी झाली असं कळण्यापेक्षा इतरांनी उचलली म्हणून कमी झाली असं कळलं तर आणखी वाढत होती.

हे वाचल्यावर आम्ही पहिला प्रसंग फिरवला. आधीच्या खर्ड्यात पहिली पायरी गेलेली बघून इमारतीत लगेच गोंधळ उडायचा. आता पहिली पायरी जाते तेव्हा काहीही होत नाही. माणसं खाली बघतात, पाय थोडा लांब टाकतात, निघून जातात. दुसरी जाताना मात्र तळमजल्यावरचा म्हातारा दाराच्या फटीतून शेजाऱ्याला पायरी काखोटीला मारून जाताना बघतो. गोंधळ तिथून सुरू होतो. काही नाहीसं होणं आणि कुणीतरी नेणं यात माणसाला केवढा फरक पडतो!

आता जिना. खराच बांधावा लागणार होता. एका रिकाम्या गोदामात लोखंडी सांगाडा उभा केला आणि त्यावर १६ लाकडी फळ्या स्क्रूने बसवल्या. बांधला एकच जिना. भिंतीचा रंग, दारं आणि दिवे बदलून तोच चारही मजल्यांचा केला. सुतारकाकांना मी गोष्ट सांगितली तेव्हा ते फारसे चमकले नाहीत. त्यांनी खिशातून खडू काढला आणि जमिनीवर हिशेब मांडला. पायरीची उंची १७ सेंटिमीटर, रुंदी २९. उंची दुप्पट करून रुंदी मिळवली की ६३ यायला हवेत, म्हणजे चालणाऱ्याच्या पावलाला जिना बोचत नाही. हे सूत्र सतराव्या शतकातल्या फ्रांस्वा ब्लोंदेल नावाच्या फ्रेंच स्थापत्यकाराकडे जातं हे मला नंतर वाचून कळलं. काकांना ते हातानेच येत होतं.

मग ते म्हणाले, ‘एक काढली तर चढ चौतीसचा. तरणा माणूस चढेल, म्हातारा कठडा धरेल. लागून दोन काढल्या तर एकावन्न. म्हणजे गुडघ्याशी आलं. लागून तीन काढल्यात तर अडुसष्ट. तिथं हात देणारा लागतो बाई, एकट्याचं काम नाही ते.’

माझ्या आयुष्यात कुणी पटकथेवर इतकी नेमकी सूचना केलेली नाही. पुढचे किती तरी दिवस आम्ही ते तीन आकडे घेऊन बसलो. कारण त्यातून एक गोष्ट निघत होती जी आमच्या लक्षातच आली नव्हती. एकाआड एक पायरी काढली तर सोळातल्या आठ गेल्या तरी कुठेही चढ चौतीसच्या वर जात नाही. म्हणजे निम्मा जिना गेला तरी जिना चालतो! दमायला होतं, गुडघे बोलतात, पण कुणाचं अडत नाही. लागोपाठच्या दोन काढायच्या नाहीत, एवढंच पाळलं की पुरे. तेव्हा फिल्मच्या मध्यापर्यंत इमारतीत खरी टंचाई नाहीच. आहे ती भीती. खरी टंचाई सुरू होते ती कुणीतरी पहिल्यांदा आधीच्या रिकाम्या जागेला लागून असलेली पायरी काढतो तेव्हा.

रॉबर्ट मर्टन या समाजशास्त्रज्ञाने १९४८ साली बँकेचं उदाहरण देऊन हे मांडलं होतं: बँक ठणठणीत असते, ती बुडणार अशी अफवा उठते, ठेवी काढायला झुंबड उडते, आणि बँक बुडते. १९७३ च्या डिसेंबरात अमेरिकेत एका लोकप्रिय टीव्ही कार्यक्रमात टॉयलेट पेपरच्या टंचाईवर विनोद झाला, आणि लोकांनी दुकानं रिकामी करून तो खरा करून दाखवला. २०२० च्या मार्चमध्ये तर हेच दृश्य किती तरी देशांत दिसलं. तेव्हा लागून असलेली पहिली पायरी काढली जाते तो क्षण आमच्या फिल्मचा कणा झाला. ती कोण काढतं? सहलेखकाला वाटत होतं, लोभी माणूस. मला वाटत होतं, सगळ्यात घाबरलेला. उत्तर तालमीत मिळालं, आणि आम्ही दोघंही बाजूला पडलो.

तालीम म्हणजे खेळच होता. जमिनीवर खडूने जिना आखला, त्यावर खऱ्या फळ्या ठेवल्या, प्रत्येक नटाला एक चिठ्ठी दिली. चिठ्ठीत फक्त दोन गोष्टी: तुमचा मजला आणि दिवसातून किती वेळा खाली जावं लागतं. स्वभाव लिहिला नाही. लोभ, भीती, हाव असा शब्द संपूर्ण तालमीत कुणी उच्चारायचा नाही असं मी सांगून ठेवलं होतं, कारण एकदा नटाला ‘तू लोभी आहेस’ म्हटलं की तो ओठावरून जीभ फिरवायला लागतो. दिवे घालवले की रात्र. रात्री एकेकाने जाऊन एक फळी घ्यायची किंवा ठेवायची किंवा काहीच करायचं नाही. दिवे लागले की सकाळ, सगळ्यांनी जिना बघायचा आणि बोलायचं.

पहिल्या काही रात्री कुणी काही घेतलं नाही. सगळे एकमेकांकडे बघून हसत होते. मग एका रात्री मी स्वतः एक फळी काढली आणि बोलले नाही. त्यानंतर मला काहीच करावं लागलं नाही. सकाळी सगळ्यात मोठ्या आवाजात निषेध करणाऱ्याच्या मागे आधीच तीन फळ्या होत्या. चौथ्या मजल्यावरच्या आजींनी एकही घेतली नाही. त्या खालीच उतरत नसत, त्यांना चिंता होती ती वर कुणी येणार नाही याची. त्यामुळे त्या रोज कुणाच्या ना कुणाच्या नावाने हाक मारून त्याला वर बोलवायच्या, काम काही नसताना. हे चिठ्ठीत नव्हतं.

आणि दुसऱ्या मजल्यावरचा नट. त्याने एका रात्री फळी घेतली आणि घरी न नेता आपल्या मजल्याखालच्या रिकाम्या जागेत बसवली. म्हणजे वरच्या मजल्याची पायरी काढून आपलं भोक बुजवलं. वर मात्र लागोपाठ दोन जागा मोकळ्या झाल्या. एकावन्न सेंटिमीटर. सकाळी तिसऱ्या मजल्याने त्याला जाब विचारला तेव्हा तो मनापासून चकित झाला. ‘मी कुठे काय घेतलं? जिन्यातली जिन्यातच ठेवली की.’ त्याला ते खरंच पटलेलं होतं. तो लोभी नव्हता, घाबरलेलाही नव्हता. तो दुरुस्ती करत होता. ते वाक्य जसंच्या तसं फिल्ममध्ये आहे.

इथे एक गोष्ट सांगायला हवी. आमच्यातल्या एकाने सुचवलं होतं की शूटिंगच्या वेळी नटांना जरा ताणात ठेवू. पाणी मोजकं, खाणं उशिरा, म्हणजे चेहऱ्यावर आपोआप येईल. असले किस्से चित्रपटाच्या धंद्यात कौतुकाने सांगितले जातात. मला ते साफ अमान्य होतं. मिनेसोटातल्या तरुणांना काय होणार आहे ते सांगितलेलं होतं आणि त्यांनी होकार दिला होता. आमचे नट अभिनय करायला आले होते, उपाशी राहायला नव्हे. शिवाय भुकेला माणूस भुकेल्यासारखा दिसत नाही, नुसता थकलेला दिसतो. सेटवर पाणी, खाणं, खुर्च्या, गाद्या, सगळं गरजेपेक्षा जास्त ठेवलं.

शूटिंगबद्दल फार सांगण्यासारखं नाही. सगळ्यांची शूटिंगं सारखीच होतात, कुणीतरी आजारी पडतं आणि काहीतरी जळतं. दोन गोष्टी तेवढ्या वेगळ्या. एक, कंटिन्युइटीचा, म्हणजे एका शॉटमधलं पुढच्या शॉटशी जुळावं यासाठीचा तक्ता. एकाच सांगाड्यावर चार मजले, प्रत्येक मजल्याच्या सोळा जागा, आणि प्रत्येक प्रसंगात वेगळ्या जागा रिकाम्या. आमच्या सहायिकेने चौसष्ट चौकटींचा कागद केला, प्रत्येक प्रसंगाला एक. पुढचा शॉट लावण्याआधी ती तो कागद हातात घेऊन खालून वर मोठ्याने वाचायची: ‘आहे, आहे, नाही, आहे, नाही, नाही...’ ऐकता ऐकता सगळा सेट गप्प व्हायचा. हा आवाज आम्ही रेकॉर्ड करून ठेवला आणि पुढे सभेच्या प्रसंगात वापरला.

दुसरी गोष्ट छायालेखिकेची. पूर्ण जिना एकाच चौकटीत कधीच दाखवायचा नाही असं तिने ठरवलं. कॅमेरा स्थिर, पायरीच्या उंचीवर, एका वेळी पाच-सहाच पायऱ्या दिसतील इतकाच. त्यामुळे बघणाऱ्याला एकूण किती उरल्या ते कधीच कळत नाही. तोही रहिवाशांसारखाच अंदाज बांधत बसतो. एक शॉट आम्ही उलटा घेतला होता. फळी घेऊन जाणारा माणूस मागे मागे चालत आला आणि फिल्म उलटी चालवली, त्यामुळे त्याची चाल किंचित चुकीची दिसत होती. शॉट देखणा होता. पण विचित्र एकच गोष्ट असा नियम होता, आणि ती गोष्ट पायरी होती, चाल नव्हे. कापला.

संकलनात खरी मजा आली. चौथ्या मजल्यावरच्या आजींचा एक शॉट होता, दारात उभ्या, चेहऱ्यावर काहीच नाही. सुमारे शंभर वर्षांपूर्वी रशियात दिग्दर्शक लेव्ह कुलेशोव्ह यांनी एका नटाचा असाच कोरा चेहरा आळीपाळीने सुपाचा वाडगा, शवपेटी वगैरे दृश्यांना जोडला होता, आणि बघणाऱ्यांना त्याच चेहऱ्यावर भूक, दुःख असं वेगवेगळं दिसलं होतं. संकलकाने आजींचा शॉट आधी फळ्यांच्या थप्पीला जोडला. आम्ही बोलावलेल्या ओळखीच्या मंडळींनी सांगितलं, म्हातारी साठेबाज आहे. मग तोच शॉट रिकाम्या जागेला जोडला. म्हातारी घाबरली आहे. मग खाली खेळणाऱ्या मुलांच्या आवाजाला. म्हातारी एकटी आहे. शॉट एकच, एक फ्रेमही इकडची तिकडे नाही. शेजाऱ्यांकडे आपण टंचाईच्या काळात बघतो ते असंच, हे त्या टेबलाशी बसून मला अगदी लख्ख दिसलं. शेवटी संकलकाने तो शॉट कशालाच जोडला नाही. आधी आणि नंतर काळी पट्टी ठेवली. प्रत्येकाने आपल्याला हवं ते बघावं.

ध्वनीचा निर्णय मात्र माझ्या मनाविरुद्ध झाला, आणि बरं झालं. माझं म्हणणं होतं की पायरी नसेल तिथे पावलाचा आवाज नसणार. सरळच आहे. आमचा ध्वनी करणारा म्हणाला, ‘अगं, पायरी गेली म्हणून पावलाची सवय गेली का?’ त्याने रिकाम्या जागेवरही पाऊल वाजवलं, फक्त जरा मऊ, जरा उशिरा. हे विचित्रपणात मोडतं का, यावर आमचा कडाक्याचा वाद झाला. मी हरले. पहिल्या बघण्यात कुणाच्याच ते लक्षात येत नाही. पण बघताना नेमक्या त्या जागी माणसं खुर्चीत पाय हलवतात, हे मी मागे उभी राहून पाहिलं आहे.

राहिला शेवट. माझा सहलेखक परिसरशास्त्रज्ञ गॅरेट हार्डिन यांच्या बाजूचा. त्यांनी १९६८ च्या एका गाजलेल्या लेखात मांडलं की सामाईक कुरण असलं की प्रत्येक जण आपली जनावरं वाढवत नेतो आणि कुरण उजाड होतं. त्याला शेवटी नुसता लोखंडी सांगाडा हवा होता, माणसं आपापल्या मजल्यांवर अडकलेली. मी एलिनॉर ऑस्ट्रॉम यांच्या बाजूची. २००९ चं अर्थशास्त्राचं नोबेल मिळालेल्या या बाईंनी शेकडो वर्षं टिकलेली कुरणं, कालवे, जंगलं अभ्यासली. स्वित्झर्लंडमधल्या टॉर्बेल गावचा १५१७ चा नियम त्यांनी नोंदवला आहे: हिवाळ्यात स्वतःच्या चाऱ्यावर जितक्या गाई पोसू शकाल, तितक्याच उन्हाळ्यात सामाईक कुरणावर सोडायच्या. म्हणजे माणसं आपसांत नियम करू शकतात. मला शेवटी पायऱ्या परत आलेल्या हव्या होत्या. त्याचा शेवट पहिल्या मिनिटालाच ओळखू येत होता, आणि माझा साखरेत घोळलेला होता. आठवडे गेले.

सुटका पुन्हा सुतारकाकांनीच केली. शेवटच्या प्रसंगासाठी फळ्या परत बसवायच्या होत्या. त्यांनी कपाळाला आठ्या घालून विचारलं, ‘या लोकांनी फळ्या नेल्या, ते ठीक. स्क्रू कुणी ठेवलेत?’

कुणीच नाही. पटकथेत स्क्रू या वस्तूचा उल्लेखच नव्हता. चार मजल्यांतल्या एकाही माणसाला उपसताना स्क्रू जपून ठेवावेसे वाटले नव्हते, आणि आम्हालाही नाही. मग शेवट लिहायला फार वेळ लागला नाही. रहिवासी फळ्या बाहेर आणतात. सगळ्या निघतात, चकत्या केलेल्या तेवढ्या सोडून. त्या सांगाड्यावर नुसत्या टेकवतात. पाय ठेवला की फळी सरकते. वर चढायचं तर खालच्याने ती दोन्ही हातांनी दाबून धरायची. ज्याने धरली तो स्वतः चढू शकत नाही. त्याला धरणारा त्याच्या खाली लागतो. सगळ्यात खाली तळमजल्यावरचा म्हातारा, ज्याला चढायचंच नाही.

हे चढणं साधारण दोन मिनिटं चालतं, न तुटता, एकाच शॉटमध्ये. संकलकाचं मत, म्हाताऱ्याने फळी धरली तिथे फिल्म थांबवावी. सहलेखकाचं मत, रात्र होऊ द्यावी आणि सकाळी जिना दाखवावा. मी संकलकाकडे. महोत्सवांना पाठवली ती म्हाताऱ्यापाशी थांबणारी प्रत. सहलेखकाने आपली वेगळी प्रत करून ठेवली आहे, पावणेपंधरा मिनिटांची, आणि मित्रमंडळींत तीच दाखवतो. त्याच्या प्रतीत सकाळी एक स्क्रू दिसतो, मधल्याच कुठल्यातरी पायरीत बसवलेला. तो कुणी आणला हे त्याने मला अजून सांगितलेलं नाही.